पाव तासातली नावं

सांगलीहून मी त्या गावात शिक्षिका म्हणून गेले तेव्हा मला बाविसावं वर्ष लागलं होतं. कुंडलपासून अडीच कोसांवरचं गाव. मुलींची शाळा नुकतीच निघाली होती. एकट्या बाईनं राहायचं कुठं, हा प्रश्न होता, तो सुभेदारांनी सोडवला. पहिल्या महायुद्धात इराकात बसऱ्यापर्यंत जाऊन आलेले, आता पेन्शनीत घरी बसून शेती बघणारे गृहस्थ. आपल्या घराची पुढची खोली त्यांनी मला दिली. त्यांची बायको म्हणाली, "आमच्यात लेक न्हाई. तुमी ऱ्हावा." मी त्या घरात सहा वर्षं राहिले.

गावातला एकुलता एक रेडिओ त्या घरात होता. दुसरं महायुद्ध सुरू झाल्यावर गावातली पुष्कळ पोरं पलटणीत गेली, तेव्हा सुभेदार मुद्दाम सांगलीला जाऊन तो घेऊन आले. "पोरं कुठं लढत्यात ते गावाला कळाया नगं?" असं त्यांचं म्हणणं. वीज नव्हतीच. रेडिओ बॅटरीवर चालायचा. बॅटरी उतरली की ती बैलगाडीतून सांगलीला न्यायची, दोन दिवस तिथं ठेवून भरून आणायची, तोवर रेडिओ मुका. आढ्यापासून समोरच्या लिंबापर्यंत तांब्याची तार ताणलेली होती. दुसरी एक तार जमिनीत पुरली होती, आणि तिथली माती ओली लागते असं दुकानदारानं सांगितल्यामुळे सुभेदारीणबाई रोज सकाळी तुळशीला पाणी घालून झालं की उरलेलं त्या तारेला घालायच्या. नमस्कार मात्र तुळशीलाच करायच्या.

दिवेलागणीला माणसं जमायची. पुरुष बाहेर सोप्यात, बायका आत माजघराच्या दाराआड. आपल्या सरकारी केंद्रावर भजन लागायचं, खेड्यातल्या लोकांसाठी गप्पा असायच्या, मग बातम्या. बातम्या संपल्या की केंद्र पाव तास बंद व्हायचं आणि पुन्हा सुरू व्हायचं. तेवढ्या वेळात बॅटरी वाचावी म्हणून सुभेदार रेडिओ बंद करत. एकदा बोलण्याच्या नादात ते राहून गेलं. काटा कुणी हलवला नव्हता, तरी त्याच जागेवर दुसराच आवाज यायला लागला. बारीक, लांबचा, मधूनच बुडणारा. कुणीतरी हिंदुस्थानीत काहीतरी वाचून दाखवत होतं.

"ह्यो कोण रं?" सोप्यातून एकानं विचारलं.

सुभेदार म्हणाले, "जागा एकच हाय, पर तिच्यावर केंद्रं दोन हायत. आपलं दांडगं, म्हनून ते बोलतंय तवर दुसऱ्याचं ऐकू येत न्हाई. आपलं गप झालं की लांबच्याला वाट मिळती." एवढं सांगून त्यांनी लगेच रेडिओचा कान पिळला. ते लांबचं केंद्र शत्रूच्या मुलखातलं होतं. ते ऐकायला बंदी होती, आणि आमचे पोलीस पाटील तर रोज पहिल्या रांगेत भिंतीला टेकून बसलेले असायचे.

आमच्या भिंतीला भिंत लागून एक घर होतं. त्यात सासू आणि सून दोघीच राहायच्या. सासूचा एकुलता एक मुलगा पलटणीबरोबर मलायात गेला होता. सिंगापूर पडलं आणि त्याची पत्रं थांबली. काही महिन्यांनी सरकारी कागद आला. तो वाचून घ्यायला सून माझ्याकडे आली. एकोणीस वर्षांची असेल. शेतातून तशीच आली होती, पायाला चिखल होता म्हणून उंबऱ्याच्या बाहेरच उभी राहिली.

मी वाचलं. तुमचा माणूस बेपत्ता आहे, असं लिहिलं होतं.

"बेपत्ता म्हंजी वं?"

"म्हणजे तो कुठं आहे त्याचा पत्ता लागत नाही."

"पत्ता न्हाई म्हंजी मानूसबी न्हाई, असं लिवलंय?"

"नाही. तसं लिहिलेलं नाही."

"मग पुना वाचा."

मी तीनदा वाचला. चौथ्यांदा वाचायला लागले तर म्हणाली, "ऱ्हाऊ द्या, पाठ झालं." आणि खरोखरच तो कागद, सरकारी भाषेतल्या आडवळणी शब्दांसकट, तिनं मला म्हणून दाखवला. मी तिला म्हणाले, तुला अक्षरं शिकायला हवीत. तर हसली नाही, लाजलीही नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी, शाळा सुटल्यावर, पाटी घेऊन आली.

वर्ष उलटलं तशी भावकी बोलायला लागली. तिचे एक चुलत सासरे होते, गावात वजन असलेले. माणूस वाईट नव्हता, पण रीत सोडून चालणारा नव्हता. ते येऊन म्हणायचे, "दिवस घालून मोकळं व्हावा. त्यो तिकडं बिनपान्याचा तळमळत असंल. पोरीच्या कपाळाला कुकू ठेवून तेला गती कशी मिळंल?" सासू ऐकून घ्यायची आणि शेवटी एकच बोलायची, "कुनी सांगितलं मेला म्हनून? कागूद तर म्हनत न्हाई." पण दर अमावास्येला हेच बोलणं निघायला लागलं आणि म्हातारीच्या आवाजातला जोर कमी होत गेला, ते मला भिंतीपलीकडून कळत होतं.

त्याच सुमाराला गावातला एक शिपाई रजेवर आला. त्यानं बोलता बोलता सांगितलं की ते लांबचं केंद्र संध्याकाळी लढाईत कैद झालेल्या शिपायांची नावं वाचून दाखवतं. नाव, पलटण, गाव आणि जिल्हा. दुसऱ्या दिवशी सकाळीच सासू आमच्या सोप्यात येऊन उभी राहिली. एरवी ती पुरुषांसमोर येत नसे.

"आवं भावजी," ती म्हणाली, "त्या पाव तासात रेडू चालू ठेवा."

सुभेदार चहा पीत होते. त्यांनी कप खाली ठेवला. "वैनी, मी सरकारचं मीठ खाल्लंय. आनि ते दुश्मनाचं केंद्र हाय. खोटं बोलत असत्यात ते."

"बाकीचं खोटं असूं द्या. मला बाकीचं काय करायचंय? तेंनी माझ्या ल्योकाचं नाव घेतलं तर ते नाव खोटं हुतंय व्हय?"

सुभेदारांनी कप पुन्हा उचलला. आतून त्यांची बायको म्हणाली, "तुमी बसऱ्याला हुता तवा आठ म्हैने तुमचं पत्तुर नव्हतं. माझं काय झालं हुतं, ते तुमी कवा इचारलं न्हाई." ती इतक्या साध्या आवाजात बोलली की आधी वाटलं, ती चुलीपाशी स्वतःशीच बोलते आहे.

संध्याकाळी सगळे जमल्यावर सुभेदारांनी ते सगळ्यांपुढे मांडलं. बॅटरीचा प्रश्न होता. रोज पाव तास जास्त चालवायचा तर दुसरं काहीतरी सोडायला हवं. भजन आणि गप्पा सोडायच्या, फक्त बातम्या आणि तो पाव तास ऐकायचा, असं ठरलं. कुणी हूं की चूं केलं नाही. बहुतेक घरातलं कुणी ना कुणी पलटणीत होतं. सगळ्यांच्या नजरा पोलीस पाटलांकडे गेल्या. ते उठले, धोतर झटकलं आणि म्हणाले, "बातम्या झाल्या की मला तंबाकूची तलप येती. मी भाईर जाऊन बसत जाईन." आणि पुढं दोन वर्षं ते त्या वेळी बाहेर जाऊन लिंबाखाली बसत राहिले. खिडकी उघडी असायची, आणि लिंब खिडकीच्या समोरच होता.

नावं लिहून घ्यायचं काम माझ्याकडे आलं. मी रेडिओपाशी वही घेऊन बसायची. माझ्यामागे दारात सून. सासू एका बाजूला, कारण तिला ऐकू कमी यायचं आणि ती आमच्या तोंडांकडे बघायची. आपलं केंद्र बंद झालं की आधी नुसती खरखर, मग शीळ, मग त्या शिळेतून हळूहळू तो आवाज वर यायचा. कधी यायचाच नाही. आला तरी आधी त्यांचं लढाईचं कौतुक चालायचं, आणि नावं सुरू होतात न होतात तोच आपलं केंद्र वाद्य वाजवत परत यायचं आणि त्या माणसाला गाडून टाकायचं. मला त्या वाद्याचा इतका राग यायचा की पुढं कितीतरी वर्षं ती सुरावट कानावर पडली तरी मुठी आवळल्या जायच्या.

पहिल्या महिन्यात मला धड ऐकू आलेली नावं थोडी होती, आणि त्यातली बहुतेक पंजाबकडची. आमचं गाव तेव्हा सातारा जिल्ह्यातच मोडायचं; त्या जिल्ह्यातलं पहिलं नाव आलं ते माण तालुक्यातलं, दहिवडीजवळच्या एका गावचं. नाव, बापाचं नाव, गाव, सगळं स्वच्छ. सून मागून म्हणाली, "बाई, हे आपल्यातलं न्हाई. पर तेंच्या घरी कुनाला म्हाईत असंल का?"

मला ते सुचलंच नव्हतं. दुसऱ्या दिवशी मी त्या गावच्या पाटलाच्या नावे कार्ड टाकलं. ते तिनं माझ्याशेजारी बसून लिहिलं, म्हणजे मी सांगितलं आणि तिनं अक्षर अक्षर काढलं. तिच्या हातचं ते पहिलं पत्र.

बारा-पंधरा दिवसांनी एक म्हातारा धनगर दारात उभा राहिला. खांद्यावर घोंगडं, हातात काठी. माणमधून चालत आला होता. सुभेदारांना रामराम केला आणि म्हणाला, "माज्या पोराचं नाव हितं आलं म्हनत्यात. कुठं आलं ते बघाया आलोय."

त्याला रेडिओ दाखवला. तो त्याच्यासमोर मांडी घालून बसला. चालू करू का, म्हणून सुभेदारांनी विचारलं, तर नको म्हणाला. बराच वेळ नुसता बघत बसला. मग मला विचारलं, "बाई, कसं बोलला त्यो? नुसतं नावच घेतलं का अजून काय?"

"नुसतं नाव, बाबा. तुमचं नाव आणि गाव."

"माजं नाव घेतलं?"

"हो."

त्यानं पागोट्याच्या शेवानं डोळे पुसले. सुनेनं त्याला भाकरी वाढली. तो जेवत असताना ती समोर बसून राहिली, आणि तिच्या चेहऱ्यावर काय होतं ते मी नीट सांगू शकणार नाही. तिला आनंद झाला होता, हे खरं. पण तो निघून गेल्यावर ती भांडी घासताना एकदम म्हणाली, "बाई, मला तेचा राग आला. येवढा म्हातारा मानूस चालत आला हुता, तरी राग आला." मी म्हणाले, मलाही आला असता. त्यावर ती जरा रडली.

अशी आणखी काही कार्डं गेली. एक तासगावकडे, एक वाईकडे, एक पार कोकणात. आता ती कार्डं तिची तीच लिहायची. वेलांट्या चुकायच्या, पण वाचता यायचं. आमच्या गावचं नाव मात्र येत नव्हतं.

आता जे सांगायचं आहे ते मी खूप वर्षं कुणाला सांगितलं नाही.

भावकीनं शेवटी दिवस ठरवला होता. येत्या सोमवारी कृष्णाकाठी जाऊन त्याचे दिवस घालायचे, भटजींना निरोप गेला होता. चुलत सासऱ्यांनी समजुतीनंच घेतलं होतं, म्हातारीला आपल्या घरी बोलावून, शेजारी बसवून. तिनं मान हलवली होती. त्याआधीच्या शुक्रवारी आम्ही नेहमीसारखे बसलो होतो. चुलत सासरेही त्या दिवशी सोप्यात होते. त्या संध्याकाळी आवाज फार वाईट होता. आभाळ भरलेलं होतं आणि खरखरीत काही म्हणजे काही लागत नव्हतं. पाव तास संपत आला. शेवटी कुठंतरी एक शब्द वर आला, "सातारा" असल्यासारखा. त्याच्या आधी एक नाव होतं, त्याचा शेवटचा तुकडा मला ऐकू आला. तो तुकडा अर्ध्या महाराष्ट्राच्या नावांत असतो. आणि लगेच आपल्या केंद्राचं वाद्य सुरू झालं.

मागून सून ओरडली, "तेंचंच! तेंचंच नाव घेतलं!"

सगळे उठले. सासूनं तिचा दंड धरला, मग तिला सोडून माझ्यापाशी आली. माझ्या हातातल्या पेन्सिलीकडे बघत तिनं विचारलं, "बाई, तुमी ऐकलं? तुमी सांगा. तिचं नगं, तुमचं सांगा."

चुलत सासरेही माझ्याकडे बघत होते. मी शिकलेली, शहरातली. मी म्हणेन ते प्रमाण होतं.

मी म्हणाले, "हो. ऐकलं."

आणि वहीत त्याचं पूर्ण नाव लिहिलं. बापाचं, आडनाव, गाव. त्या वहीतली तीच एक ओळ मला ऐकू न आलेली.

सोमवारी कुणी नदीवर गेलं नाही. चुलत सासऱ्यांनीच गावात साखर वाटली, रेशनच्या दिवसांत, घरातली होती नव्हती ती. म्हातारी मारुतीला जाऊन आली. ती पुढं वर्षभर जगली. शेवटच्या दुखण्यात मी तिच्याजवळ बसले होते, तेव्हा ती सुनेला सांगत होती की त्याला आल्यावर हुलग्याचं माडगं करून घाल, त्याला आवडतं. मी तिथून उठून परसात गेले.

सुभेदारांना कळलं होतं का, हे मला अजून सांगता येत नाही. त्यांनी त्या रात्रीनंतर एकदाच विषय काढला. म्हणाले, "बाई, पलटणीत एक शिकिवत्यात. खबर पक्की नसली तर पुढं धाडायची न्हाई." मी खाली बघितलं. मग म्हणाले, "पर तिथं म्हातारी मानसं इचाराया येत न्हाईत." आणि उठून गोठ्याकडे गेले.

लढाई संपली. माणसं परत यायला लागली. माणमधला तो मुलगा परत आल्याचं त्याच्या बापानं गावच्या मास्तरांकडून कार्डानं कळवलं. आणि पावसाळ्याच्या तोंडावर आमच्या शेजारच्या घरी दुसरा सरकारी कागद आला. आता तो वाचायला माझी गरज नव्हती. तिनं तो स्वतः वाचला आणि मग माझ्या खोलीत आली. कागद माझ्यापुढं ठेवला. तिचा नवरा सिंगापूर पडलं त्याच आठवड्यात गेला होता. आम्ही रेडिओपाशी बसायला लागलो त्याच्या कितीतरी आधी.

मी म्हणाले, "त्या दिवशी मला नाव ऐकू आलं नव्हतं. मी खोटं बोलले. तुझी दोन वर्षं मी खोट्यावर..."

"म्हाईत हाय मला," ती म्हणाली.

"कसं?"

"मला तरी कुठं ऐकू आलं हुतं?"

बाहेर शाळेच्या मुली खेळत होत्या, त्यांचा ओरडा येत होता. ती खाली बसली. "सोमवार जवळ आला हुता," ती म्हणाली. "आत्याबाईंनी मान हलीवल्यापास्नं त्या जेवत नव्हत्या. म्या मनाशी ठरीवलं, आज काय बी आलं तरी तेंचंच नाव म्हनायचं. मला वाटलं तुमी न्हाई म्हनशीला. तुमी हो म्हनला तवा येक घटकाभर मलाच वाटलं, आलं असंल खरंच. बाईंनी ऐकलं म्हंजी आलं असंल." मग म्हणाली, "ती घटका लय बरी गेली बघा."

आम्ही दोघी एकमेकींना धरून रडलो. तिनं तिच्या माणसासाठी रडणं त्या दिवशी पहिल्यांदाच उघड केलं. मी कशासाठी रडत होते ते मलाही धड कळलं नाही. थोडं सुटल्यासारखंही वाटत होतं, आणि तसं वाटल्याची लाजही वाटत होती.

चुलत सासऱ्यांना तिनं स्वतः जाऊन सांगितलं. रेडिओत चुकीचं नाव आलं असेल, एवढंच ते म्हणाले. सगळे विधी त्यांनी उभं राहून केले. नंतर तिनं सुईणीच्या शिक्षणाला सांगलीला जायचं म्हटलं तेव्हा भावकीत कुरकुर झाली; ती त्यांनीच मोडून काढली. म्हणाले, "पोरगी वाचती-लिवती. घरात कोंडून काय लोणचं घालायचंय?" अर्ज तिचा तिनं लिहिला. मी फक्त दोन वेलांट्या दुरुस्त केल्या.

माझंही पुढं लग्न झालं, मी सांगलीला परत आले. ती तिथल्या दवाखान्यात पांढरं पातळ नेसून भराभरा चालायची, बोलणं तेच खेड्यातलं. गरोदर बायकांना दटावायची, त्यांच्या नवऱ्यांना त्याहून जास्त. माझी मोठी मुलगी तिच्या हातावर झाली. मी कळा देत ओरडत होते तेव्हा ती माझा हात धरून म्हणत होती, "वरडा बाई, खुशाल वरडा. हितं भाईर लिंबाखाली कुनी पाटील बसला न्हाई."